साडेदहाची मालिका

सरवटे बसस्टँडच्या मागच्या गल्लीत आमचं लॉज.
अठरा खोल्या, एक टीव्ही,
तोही काउंटरच्या भिंतीवर, बरोबर माझ्या डोक्याच्या वर.
म्हणजे पाहुण्यांना चित्र दिसतं
आणि मला पाहुणे.

काल बऱ्हाणपूरचे महाजन उतरले,
देवचंद आणि मंजुळाबाई.
एक पिशवी कपड्यांची, एक एक्स-रेची.
सकाळी एम.वाय.मध्ये नंबर.
झोप येईना म्हणून खाली येऊन बसले
रेक्झिनच्या सोफ्यावर, अगदी खेटून,
एवढा मोठा सोफा असून.

मालिका लागली.
लहान गावचं जोडपं, मोठ्या शहरात आलेलं.
रिक्षावाला लांबून नेतो.
फोन जातो.
पानाच्या ठेल्यापाशी कुणीतरी उभा, पान न खाता.
मला हे सगळं आवाजावरून कळतं:
पावलं, व्हायोलिन, पावलं,
दार करकरतं,
आणि मंजुळाबाईंचा पदर तोंडाशी जातो.
पंधरा वर्षं मी मालिका अशाच बघतोय.
सुरा निघाला की सोफ्यावरचे पाय वर जातात.

मग ते जोडपं एका लॉजवर आलं.
"खोली मिळेल?"
"मिळेल की," माझ्या टाळूवर कुणी बोललं,
मऊ, जरा जास्तच मऊ,
"आधारकार्डं ठेवा. सकाळी घेऊन जा."

देवचंदांनी वर पाहिलं. मग खाली. मग परत वर.
माझ्या ड्रॉवरमध्ये दोघांची कार्डं होती.
मी हसलो.
हसायला नको होतं,
वरचाही तेव्हाच हसला असावा.
म्हटलं, चहा सांगू का?
"नको, नको!" दोघं एकदम.
(तिकडे चहातच काहीतरी होतं म्हणे.)

जाहिराती लागल्या तशी ती उठून गेली.
वर कडी लागली. खालची. मग वरची.
मग खुर्ची ओढल्याचा आवाज.
मग टेबल.
आमच्या टेबलाचा एक पाय आखूड आहे,
ते ओढताना लंगडत जातं, मला ओळखू येतं.

राग नाही आला.
आमचंही कुणीतरी कोकणातून इथे उतरलं होतं,
होळकरांच्या फडावर कारकून व्हायला.
पहिल्या रात्री त्यानं दाराला काय लावलं असेल?

साडेअकराला सोफा झटकायला गेलो
तर एक्स-रेची पिशवी तिथेच.
टीव्ही चालू होता, आवाज बंद.
पडद्यासमोर धरून पाहिला.
मला त्यातलं कळत नाही.
फासळ्या, फासळ्या,
आणि डावीकडे सुपारीएवढं
पांढरं काहीतरी
दबा धरून.
त्याच्यामागे लॉजवाला जिना चढत होता, हातात कंदील.

द्यायला गेलो वर.
सातव्या पायरीवर माझीच पावलं मला ऐकू आली,
मघाचीच, फक्त व्हायोलिन नव्हतं.
दोनशे चारच्या फटीतून उजेड येत होता.
रात्री बारा वाजता, दार ठोठावणारा लॉजवाला:
उतरलो खाली.
पिशवी मांडीवर घेऊन सहापर्यंत बसलो,
तान्ह्या पोराला घेऊन बसतात तसा, हलू न देता.

सकाळी ते आले. त्यांनी मागायच्या आत
मी कार्डं काढून ठेवली, पिशवी ठेवली.
मंजुळाबाईंनी पिशवी छातीशी धरली, काही बोलल्या नाहीत.
देवचंद दारापर्यंत गेले, वळले.
"मग कोण निघाला हो शेवटी?"
"उद्या कळेल," मी म्हटलं. "पण लॉजवाला नाही."
पाहिला होता मी शेवट.
लॉजवालाच होता.

ते हसले. पहिल्यांदाच.
पुढचा एक दात पडलेला.

बाहेर रिक्षा उभी होती, कढईतून पोह्यांची वाफ,
झाडूवाल्या बायका कोपऱ्यापर्यंत पोचलेल्या.
मी पायरीवर येऊन रिक्षावाल्याला ओरडलो:
भिया, सरळ ने.
लांबून नको.